पाहुण्यांचा आवाज

धुळ्याच्या झुलाल पाटलांच्या मुलीचं बारसं झालं तेव्हा मुलगी झोपलेली होती. जागी असती, एखादा टाहो फोडला असता, तर आत्याने दुसरं काहीतरी नाव सुचवलं असतं. पण मुलगी गाढ झोपली होती आणि आत्याने पाळण्यात वाकून तिच्या कानात ‘कोकिळा’ असं सांगून टाकलं. संध्याकाळी ती रडली, तोवर घुगऱ्या वाटून झालेल्या होत्या.

कोकिळेचा आवाज घोगरा होता असं लोक म्हणायचे. ते बरोबर नव्हतं. घोगऱ्या आवाजात काहीतरी बिघडलेलं असतं. हिच्या आवाजात बिघाड कसलाच नव्हता. तो भरदार, खोल, ठाम आवाज होता, आणि एखाद्या तालुक्याच्या पुढाऱ्याला मिळाला असता तर त्याने त्यावर दोन निवडणुका काढल्या असत्या. फोन उचलून ती ‘हॅलो’ म्हणाली की पलीकडचा माणूस ‘हां, बोला भाऊसाहेब’ म्हणायचा. मुलींच्या शाळेत ती भूगोल शिकवायची. तिच्या वर्गाच्या डावी-उजवीकडच्या दोन्ही वर्गांना भूगोलात चांगले मार्क पडत.

या आवाजाची अडचण पहिल्यांदा झाली ती कोकिळा एकवीस वर्षांची असताना. शिरपूरकडचे पाहुणे बघायला आले होते. मुलाच्या मामाने ‘नाव काय बेटा?’ असं विचारलं. कोकिळेने नाव सांगितलं. मामाने मान लांब करून तिच्या मागे कोण उभं आहे ते पाहिलं. चार दिवसांनी निरोप आला: मुलगी लाखात एक आहे, पण आमच्या घरात कर्ता पुरुष आधीच आहे.

तिच्या आईने, बेबाबाईने, तो निरोप गिळला आणि कामाला लागली. मुलीला समोर बसवून म्हणाली, “बारीक बोल व माय. सुईमा दोरा ओवतस ना, तितलं बारीक.”

कोकिळा हुशार होती. महिनाभरात तिने सुईच्या नाकातून जाईल असा आवाज तयार केला. तो नाकाच्या शेंड्यातून निघायचा, थोडा साखरेत घोळलेला असायचा आणि प्रत्येक वाक्याच्या शेवटी पदर सावरल्यासारखा किंचित वर जायचा. घरात त्याला ‘पाहुण्यांचा आवाज’ असंच नाव पडलं. पाहुण्यांच्या कपबशा वेगळ्या असतात, पाहुण्यांची चादर वेगळी असते, तसा हा. काम झालं की धुऊन, पुसून परत फळीवर.

त्याची एकच खोट होती. पंधरा मिनिटांच्या वर तो टिकायचा नाही. मग घशात जाळ उठायचा आणि खालचा आवाज वरच्याला ढुशा द्यायला लागायचा. पण बघण्याच्या कार्यक्रमात मुलीला पंधरा मिनिटं बोलू देतं कोण? पुढची सगळी स्थळं पत्रिकेवरून मोडली, हुंड्यावरून मोडली, एक तर मुलाने दुसरीकडे लग्न करून घेतल्यामुळे मोडलं. आवाजावरून एकही मोडलं नाही. बेबाबाई ही गोष्ट अभिमानाने सांगायची.

कोकिळा तेहतीस वर्षांची झाली. स्थळं विरळ होत गेली आणि पाहुण्यांचा आवाज फळीवर धूळ खात पडला.

अशात जळगावच्या रेडिओवर नव्या श्रुतिकेसाठी आवाज हवे असल्याचं कळलं. शाळेत हिंदी शिकवणाऱ्या जरीनाबाईंनी अर्ज आणला, भरला, कोकिळेचा हात धरून सही घेतली आणि वर तिला एस.टी.त बसवून दिलं. “तुझ्या आवाजाला कुणीतरी पगार द्यायला पाहिजे,” त्या म्हणाल्या. “शाळा तुला फक्त भूगोलाचा देते.”

तिथे एका बंद खोलीत काचेपलीकडे एक अनोळखी गृहस्थ बसले होते. ते सभ्यपणे म्हणाले, “हं, बोला.” आता, अनोळखी गृहस्थ समोर बसून ‘बोला’ म्हणतो, याचा कोकिळेच्या आयुष्यात एकच अर्थ होता. तिने विचारही केला नाही. मान आपोआप खाली गेली, उजव्या हाताने पदर पुढे घेतला आणि घशातून पाहुण्यांचा आवाज बाहेर आला. कुणी मागितला नव्हता. पण आला, पसंत पडला, आणि मग ‘साहेब, हा माझा नाही’ असं सांगायला तोंड राहिलं नाही. एवढ्या वर्षांत पहिल्यांदाच पसंती आली होती; ती परत कोण करतं?

श्रुतिकेचं नाव होतं ‘प्रिय डायरी’. ती लिहिणारे लीलाधर सर कॉलेजात मानसशास्त्र शिकवायचे आणि माणसाने स्वतःला आहे तसं स्वीकारावं या विषयावर त्यांचा फार अभ्यास होता. त्यांची नायिका अनुराधा काळी, जाडी, चष्मा असलेली, समोरचा एक दात पुढे आलेली आणि लग्न न जमलेली होती. दर बुधवारी संध्याकाळी ती पंधरा मिनिटं डायरी लिहायची आणि आपल्यातली एक गोष्ट स्वीकारायची. एका बुधवारी रंग स्वीकारला. पुढच्या बुधवारी उंची. त्या वेगाने दिवाळीपर्यंत तिचं सगळं स्वीकारून होणार होतं.

आणि ‘मी जशी आहे तशी मला प्रिय आहे’ हे वाक्य कोकिळा दर आठवड्याला जिच्या आवाजात म्हणायची, ती बाई जगात कुठेच नव्हती.

“काय गं,” जरीनाबाईंनी एकदा मधल्या सुट्टीत विचारलंच. “तुझ्या त्या अनुराधेचं नाक झालं, रंग झाला. आवाजाचं पान कधी लिहिणार ती?”

“तिचा आवाज चांगला आहे,” कोकिळा म्हणाली.

“हो ना. म्हणूनच विचारते. तुझा कसा आहे?”

कोकिळेला अनुराधेचा राग येत नसे, उलट माया वाटायची. परतीच्या एस.टी.त, एरंडोल मागे पडून पारोळ्याच्या आसपास अंधारायला लागलं की ती कधीकधी खिडकीच्या काचेला तोंड लावून अनुराधेचं एखादं वाक्य आपल्या खऱ्या आवाजात पुटपुटायची. पुढच्या बाकावरचा माणूस दचकून ‘काय म्हणता दादा?’ म्हणून मागे वळायचा, आणि ते तिथेच राहायचं.

मार्चमध्ये चाळीसगावहून स्थळ आलं.

ते स्थळ मुळात रेडिओनेच पाठवलं होतं. सुनंदाबाई नावाच्या एक विधवा बाई ‘प्रिय डायरी’ एकही बुधवार न चुकवता ऐकायच्या. अनुराधेचं काम करणारी बाई धुळ्याची, आपल्यातलीच आणि बिनलग्नाची आहे, हे त्यांना सोयरिकी जुळवणाऱ्या बन्सीलालने सांगितलं, तेव्हा त्यांनी पुढे बोलूच दिलं नाही. वय नको, शिक्षण नको, पत्रिका नको. “अनुराधा ना ती? बस. माझ्या तोतारामसाठी ठरली.”

तोताराम त्यांचा धाकटा भाऊ. चाळीशीचा. कापसाच्या एका जिनिंग कारखान्यात फोरमन. मेहुणा लवकर गेला, भाचे-भाच्यांची शिक्षणं याने केली, आणि ती उरकता उरकता स्वतःचं लग्न राहून गेलं. माणूस निर्व्यसनी, शांत, कुणाला कधी नाही न म्हणणारा, असं बन्सीलालने सांगितलं. बन्सीलालने सांगितलेलं क्वचित खरं असायचं, पण हे होतं.

“कोकिळा आणि तोताराम!” जरीनाबाईंना आनंद मावेना. “पत्रिकेवर गणपती छापू नका. झाड छापा.”

कोकिळेला मात्र या वेळी हसू येईना. आजवर स्थळं मोडत गेली, त्यामुळे एका प्रश्नाचं उत्तर शोधायची वेळ आली नव्हती. हे स्थळ आवाजावरच आलं होतं. म्हणजे जमणार होतं. जमलं, तर पुढे? सकाळी दूधवाल्याशी, दुपारी नणंदेशी, संध्याकाळी नवऱ्याशी, सगळं नाकाच्या शेंड्यातून. आवाज पंधरा मिनिटांचा होता. संसार पंधरा मिनिटांचा नसतो.

तिने आईला विचारलं, “आनि लगीन व्हयनं म्हंजे, मंग?”

बेबाबाईने खरा आवाज कधी, किती सोडायचा याचं मूल होईपर्यंतचं वेळापत्रक आखून ठेवलेलं होतं. “मंग काय? हयूहयू सोडानं. पह्यली दिवाळीले थोडासा, पोऱ्या व्हयना का मंग बठ्ठा.”

पाहुणे रविवारी येणार असा निरोप शुक्रवारी आला, आणि नेमकी तेव्हा घरात बिबड्यांची, म्हणजे उन्हाळी पापडांची, ज्वारी भिजत पडलेली होती. आता भिजलेली ज्वारी आणि ठरलेलं स्थळ, दोन्ही पुढे ढकलता येत नाहीत. दोन्हींना वास सुटतो. बेबाबाईने दोन्ही एकाच दिवशी उरकायचं ठरवलं. रविवारी पहाटे चूल पेटली, ज्वारीच्या पिठाचा लसूण-मिरची-तीळ घातलेला घाटा शिजला, गल्लीतल्या बाया गच्चीवर जमल्या आणि जुन्या धोतरांवर, लुगड्यांवर ओल्या हाताने थापून थापून त्यांनी गच्चीच्या या कठड्यापासून त्या कठड्यापर्यंत बिबड्या घातल्या. मधे एक माणूस जेमतेम उभा राहील एवढी पायवाट ठेवली. दुपारी बाया घरी गेल्या आणि पाहुणे आले.

सुनंदाबाई आल्या त्या थेट कोकिळेसमोर बसल्या आणि त्यांनी डोळे मिटून घेतले. “बोला ताई. काहीही बोला. चेहरा नंतर बघते.”

कोकिळेने मान खाली घातली. “प्रवासात त्रास तर नाही ना झाला?” साखरेत घोळून तिने विचारलं.

“अगं बाई, तीच!” सुनंदाबाईंच्या मिटल्या डोळ्यांतून पाणी आलं. “तोताराम, ऐकलंस का? तीच!”

तोताराम शेजारी बसला होता. रुंद माणूस, पांढरा शर्ट, कानामागे कापसाचं एक तूस चिकटलेलं; ते बहिणीच्या नजरेतून कसं सुटलं कोण जाणे. त्याने हसून मान हलवली. “हो हो,” तो म्हणाला. ते ‘हो हो’ इतकं मोठं होतं की बशीतला चमचा वाजला आणि झुलाल पाटील खुर्चीत सरळ झाले.

“घरून किती वाजता निघालात?” कोकिळेने त्याला विचारलं.

“हो हो,” तोताराम आनंदाने म्हणाला.

“चहात साखर चालते ना?”

“अगदी बरोबर.”

“लाजतो जरा,” सुनंदाबाई घाईने म्हणाल्या. “घरात बोलतो.”

झुलाल पाटलांना जावई पसंत पडला. नोकरीत असताना त्यांनी कशालाच नाही न म्हणणारे लोक फक्त वरच्या जागांवर चढताना पाहिले होते. कोकिळेला मात्र काही कळेना. माणूस वेंधळा म्हणावा तर डोळे हुशार होते. ते डोळे तिच्या ओठांवरून हलत नव्हते, आणि त्यामुळे ती आणखीच बारीक बोलत होती.

“दोघांना जरा एकटं बोलू द्या,” सुनंदाबाईंनी सुचवलं. “अनुराधाच म्हणते ना, लग्नाआधी मन मोकळं करावं.” घरात एकटं बोलायची जागा गच्चीशिवाय दुसरी नव्हती. बेबाबाईचा चेहरा पडला, पण पाहुण्यांपुढे काय बोलणार? जिन्याशी मुलीला गाठून ती कानात म्हणाली, “बिबड्यासवर ध्यान ठेवजो. आनि बारीक.”

गच्चीवर ऊन होतं. कोकिळा जिन्याच्या तोंडाशी उभी राहिली, तोताराम पायवाटेवर, तिच्याकडे तोंड करून. तिने एक प्रश्न तयार करून आणला होता. तो अनुराधेच्या डायरीतलाच होता, पण विचारायचा तिला स्वतःसाठी होता. “माझ्यातलं काही तुम्हाला खटकलं, तर स्पष्ट सांगाल ना?”

तोतारामने डोळे बारीक केले. ऊन त्याच्या डोळ्यांवर येत होतं आणि तिचा चेहरा त्याला नीट दिसत नव्हता. उजेडाची बाजू धरावी म्हणून तो अर्धं पाऊल मागे सरकला. “हो हो.”

“अहो, मागे बिबड्या आहेत.”

“अगदी बरोबर,” तो म्हणाला आणि आणखी सरकला. दोन बिबड्या त्याच्या टाचेखाली गेल्या.

“अहो, पाय! पाय उचला!” पाहुण्यांचा आवाज आता त्याच्या टोकाला पोचला होता. त्याच्या वर फक्त वटवाघळांना ऐकू येतं.

तोतारामने मायेने मान हलवली आणि दुसरा पाय मागे टाकायला उचलला. त्या पायाच्या खाली आख्ख्या गल्लीची पहाट वाळत पडली होती.

“थांबा!”

कठड्यावरची कबुतरं उडाली. खाली बशी फुटली. रस्त्यावरून जाणाऱ्या एका सायकलवाल्याने ब्रेक लावून दोन्ही पाय जमिनीला टेकले आणि आपण काय केलं याचा तो विचार करू लागला. तोतारामचा पाय हवेत होता तसाच राहिला. आणि त्याचा चेहरा असा झाला, जसा परगावच्या बाजारात अचानक कुणी आपल्या नावाने हाक मारल्यावर होतो.

“बोला,” तो म्हणाला. “अजून बोला.”

“पाय पुढे घ्या आधी,” कोकिळा म्हणाली. आता लपवण्यात अर्थ नव्हता. “किती वेळा सांगितलं, मागे बिबड्या आहेत म्हणून.”

“तुम्ही सांगितलं होतं?” त्याने पाय घेतला, खाली बघितलं आणि ओशाळला. “मला काहीच ऐकू आलं नाही हो. जिनच्या खडखडाटात उभं आयुष्य गेलं. बारीक आवाज पहिले गेले. पाखरं गेली. सायकलची घंटी गेली. अक्काचं निम्मं बोलणं जातं.” तो थांबला. “ते मात्र मी डॉक्टरांना सांगितलं नाही.”

“मग ‘प्रिय डायरी’?”

“दर बुधवारी ऐकतो की. म्हणजे बसतो अक्काजवळ. तिच्या तोंडाकडे बघितलं की कळतं, आता वाईट वाटून घ्यायचं आहे.”

“आणि हे ‘हो हो’ काय?”

“अक्काने शिकवलंय. पाहुण्यांसमोर ‘काय? काय?’ करायचं नाही. बहिरा म्हणतात. हसायचं, मान हलवायची आणि हो म्हणायचं. आजपर्यंत कुणाच्या लक्षात आलं नाही.”

कोकिळा हसायला लागली. तिचं हसणं तिच्या आवाजाच्याच मापाचं होतं. ती इतकी हसली की जिन्यावर धडधड पावलं वाजली ती तिला ऐकूच आली नाहीत.

“कोण ओरडलं? कोण पुरुष आहे वर?” सुनंदाबाई धापा टाकत गच्चीवर आल्या. मागे बेबाबाई, तिच्या मागे झुलाल पाटील.

“मी ओरडले,” कोकिळा म्हणाली.

सुनंदाबाईंनी तिच्या तोंडाकडे बघितलं, मग डोळे मिटले, मग पुन्हा उघडले. “नाही,” त्या म्हणाल्या. “ही अनुराधा नव्हे.”

“सर्दी व्हयेल शे तिले,” बेबाबाई पुढे झाली. “दुपारपासून. ताक पिनी ना.”

सगळे कोकिळेकडे बघत होते. सर्दी ही फार सोयीची गोष्ट होती. खोकल्याचा एक आव आणायचा, घसा धरायचा, आणि पाहुण्यांचा आवाज पुन्हा काढायचा. पंधरा मिनिटांतली चार-पाच शिल्लकही होती. आईच्या कपाळावर घाम आला होता. बारा वर्षं ती एका आवाजासाठी झिजली होती. त्या कपाळाकडे बघून कोकिळेने खरोखरच खोकायला तोंड उघडलं.

“नाही. सर्दी नाही,” ती म्हणाली, आणि बोलून झाल्यावर आपण बोललो हे तिच्या लक्षात आलं. “हाच माझा आवाज आहे. दुसरा आहे तो पाहुण्यांसाठी ठेवलेला. तुम्ही पाहुण्या म्हणून आलात, तर तो ऐकवीन, पाव तास. नणंद म्हणून येणार असाल, तर हा आहे.”

सुनंदाबाई तशा वाईट नव्हत्या. त्यांचं खरोखर काहीतरी हरवलं होतं, आणि जे वाचेल ते त्या वाचवायला बघत होत्या. “असं कर,” त्या काकुळतीने म्हणाल्या. “बाहेर कसंही बोल. घरात फक्त तेवढं बारीक बोल. त्याला ऐकू नाही आलं तरी चालेल. मला येतं! आजवर त्याचं कुठे काय अडलंय?”

“त्यांचं नसेल अडलं,” कोकिळा म्हणाली. “माझं अडलंय.”

खाली गेल्यावर पाहुण्यांनी ‘विचार करून कळवतो’ असं सांगितलं. याचा अर्थ खानदेशात लहान मुलालाही कळतो. तोताराम जाताना दारात वळून झुलाल पाटलांना म्हणाला, “दोन बिबड्यांचं नुकसान झालं, माफ करा.” ते गल्लीच्या टोकापर्यंत ऐकू गेलं. मग बहिणीने त्याला दंडाला धरून नेलं.

“बारा वरीस जपेल आवाज,” बेबाबाई कपाळाला हात लावून बसली, “एक बिबडीकरता मातीमा घाली दिन्हा.”

“दोन,” झुलाल पाटील म्हणाले आणि पेपरमागे गेले.

मंगळवारी जळगावला पुढच्या भागाचं ध्वनिमुद्रण होतं. त्या आठवड्यात अनुराधा चष्मा स्वीकारणार होती. काचेपलीकडे तांबडा दिवा लागला. कोकिळेने मान वर ठेवली, पदर जिथे होता तिथे राहू दिला आणि आपल्या आवाजात म्हणाली, “प्रिय डायरी.”

ते भयंकर वाटलं. हजेरी घेतल्यासारखं. डायरी बाकावर उभी राहील की काय असं वाटलं. कोकिळेला तिथे एक गोष्ट पहिल्यांदा कळली: या आवाजाने आजवर फक्त ‘बसा’, ‘गप्प’ आणि ‘नकाशा काढा’ एवढंच म्हटलं होतं. गोड बोलायचं सगळं काम तिने दुसऱ्यालाच दिलं होतं. याला ‘प्रिय’ म्हणायची सवय नव्हती.

काचेपलीकडच्या गृहस्थांनी यंत्राची दोन बटणं तपासली. मग ते आत आले. “सर्दी?”

“नाही सर.”

लीलाधर सरही आले. ते अस्वस्थ होते. “बाई, हे चालणार नाही. अनुराधा नाजूक आहे.”

“सर, अनुराधा काळी आहे, जाडी आहे, तिला चष्मा आहे, दात पुढे आहे. हे सगळं तुम्ही लिहिलंय आणि मी वाचलंय,” कोकिळा म्हणाली. “नाजूक कुठे लिहिलंय ते दाखवा, मी नाजूक वाचते.”

सरांनी पानं चाळली. मागचे भागही चाळले. नाजूक कुठेच नव्हतं. ते त्यांनी मनात धरलेलं होतं. स्वतःला स्वीकारायला निघालेल्या बाईचा निदान आवाज तरी बरा असावा, एवढी सूट त्यांनी स्वतःला दिली होती.

“मग एक वाक्य घालू,” ते म्हणाले. “टॉन्सिलचं ऑपरेशन झालं, म्हणून...”

“तिने आवाज स्वीकारला म्हणा.”

“त्याचा वेगळा भाग करायचा होता हो,” सर कळवळून म्हणाले. काचेपलीकडे परतलेल्या गृहस्थांनी घड्याळाकडे बोट दाखवलं. तांबडा दिवा पुन्हा लागला.

दुसऱ्यांदा तिने घाई केली नाही. एस.टी.च्या काचेशी बोलावं तसं, पुढच्या बाकावरच्याला ऐकू जाईल याची पर्वा न करता, तिने ते दोन शब्द म्हटले. अजून थोडे जडच होते. पण डायरी उभी राहिली नाही.

बुधवारी ते प्रसारित झालं. जरीनाबाईंनी सगळी आळी गोळा करून ऐकलं. श्रोत्यांची पत्रं आली. बरीच रागाची, काही कौतुकाची. भडगावच्या एका सद्गृहस्थांनी, अनुराधाताईंचं निधन कधी झालं आणि त्यांची डायरी वाचून दाखवणारे बंधू कोण, अशी विचारणा केली होती. बेबाबाई रेडिओसमोर बसून ऐकत होती. संपल्यावर ती म्हणाली, “चष्म्यानं चांगलं सांगं.” चष्म्याच्या भागाचं कौतुक झालं; आवाजाला तिने नावं ठेवली नाहीत. तिच्या मानाने हे पुष्कळ होतं.

रविवारी तोताराम आला. एकटाच.

“अक्कांना माहीत आहे?” कोकिळेने दारातच विचारलं.

“निघताना काहीतरी म्हणाली. मी हो हो म्हणालो.”

गच्ची रिकामी होती. दोघं कठड्याला टेकून उभे राहिले. तोताराम म्हणाला, “बुधवारी ऐकलं. पहिल्यांदा शब्दन् शब्द ऐकलं.”

“मग?”

“राग नका मानू.” तो अवघडला. “ती बाई फार रडते हो. एका चष्म्यासाठी पंधरा मिनिटं? मला वाटायचं अक्का एवढी रडते म्हणजे घरात कोणी गेलं-बिलं असेल.”

ज्या डायरीवर ती दोन महिने जीव टाकत होती, तिच्याबद्दल इतकं स्पष्ट कुणी बोललं नव्हतं. गेल्या खेपेला याच गच्चीवर जे तिने विचारलं होतं आणि ज्याला त्याने न ऐकताच ‘हो हो’ म्हटलं होतं, त्याचं उत्तर मिळालं होतं. खटकलं ते त्याने सांगितलं होतं.

“तुम्ही वाचता ते चांगलं होतं,” तो घाईने म्हणाला. “मजकूर तेवढा...”

“मजकूर लीलाधर सरांचा आहे. त्यांना कळवते.”

“मला आणखी एक सांगायचंय.” तोतारामने कठड्यावरची खपली नखाने काढली. “जळगावच्या डॉक्टरांना दाखवलं गुरुवारी. ते म्हणाले, जिन सोडलं तर आहे एवढं राहील बहुतेक. पण खात्री नाही. वाढतही जाईल. म्हणजे आज तुमचं सगळं ऐकू येतंय. पुढे येईलच असं नाही. आधी सांगितलेलं बरं.”

कोकिळेने मनात हिशोब मांडला. बारा वर्षं आपला खरा आवाज तिने अर्धा गिळून, उरलेला दाबून वापरला होता. वर्गात, गच्चीवर, परवा स्टुडिओतसुद्धा. तो पूर्ण सोडला तर कुठवर जातो हे तिने कधी पाहिलंच नव्हतं.

“मग मी आणखी मोठ्याने बोलेन,” ती म्हणाली. “अजून बराच शिल्लक आहे.”

आणि किती शिल्लक आहे ते त्याला कळावं म्हणून तिने कठड्यावरून खाली वाकून आईला चहा टाकायला सांगितलं. बेबाबाईने टाकला. शेजारच्या तीन घरांतही टाकला गेला.